कमिटीने पास केलेला बाप

दोष राजेंद्रकाकांचा. हे आधीच सांगून टाकतो, नंतर कुणी म्हणायला नको की नकुल नाव घ्यायला घाबरला. काका म्हणजे लंडनमधल्या आमच्या क्रॉयडनच्या बौद्ध मंडळाचे अध्यक्ष, गेली एकोणीस वर्षं, बिनविरोध, कारण विरोधाला कुणी उभं राहिलं की ते चहा मागवतात आणि माणूस बसतो.

तुम्हाला सांगतो, मी दुसऱ्या वर्षाला युनिव्हर्सिटी सोडली, तीन वर्षं दुसऱ्यांच्या शोमध्ये दोन-दोन ओळींचे जोक घातले, आणि एकदाची माझी, स्वतःची, सहा एपिसोडची कॉमेडी एका चॅनेलने घेतली. त्यात काय? एक बाप. ट्राम चालवतो आणि इंडियातल्या नातेवाइकांना सांगतो, मी ट्रान्सपोर्टमध्ये डायरेक्टर आहे. हा बाप मी आणला कुठून? घरातून. आमच्या बाबांनी पंचवीस वर्षं क्रॉयडनची ट्राम चालवली. स्क्रिप्ट त्यांना वाचायला दिलं, ते डोळे पुसेपर्यंत हसले, आणि हसता हसता मंडळाच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर टाकून मोकळे झाले...

झालं. कमिटी बसली.

हॉल बुक करून, अजेंडा काढून, मिनिट्स लिहायला माणूस बसवून. विषय क्रमांक तीन, जयंतीचं जेवण. विषय क्रमांक चार, नकुलचं स्क्रिप्ट. काका चष्मा पुसत म्हणतात, "बाळा, बाबासाहेबांनी याच लंडनमध्ये पोटाला चिमटा काढून डिग्र्या घेतल्या. आता आपला माणूस इंग्लिश टीव्हीवर येणार, तो काय ट्रामची घंटा वाजवणार? हार्ट सर्जन कर त्याला."

मी म्हटलं, अहो काका, सर्जन कशाला खोटं बोलेल, विनोदच मरतो. "मग सर्जन वाचवेल की," काका म्हणाले. अख्खी कमिटी हसली. माझ्या सहा एपिसोडना हसली नव्हती.

मग मतदान. ड्रायव्हर नको म्हणणाऱ्यांनी हात वर करा. आणि तुम्हाला सांगतो... बाबांचा हात वर. खांदा दुखतो म्हणून कपाटावरचा डबा न काढणारा माणूस, हात सरळ वर. "बाबा, तुम्ही?" तर खाली बघत म्हणाले, "अरे, टीव्हीवर तरी होऊ दे की मोठा."

ठराव ईमेलने गेला माझ्या प्रोड्यूसरला, हॅरिएटला. मग तिकडे तिची कमिटी बसली. हॅरिएट फोनवर, आवाज असा की घरात कुणी आजारी आहे, "नकुल, कम्युनिटीचं म्हणणं आपण ऐकायलाच हवं, नाही का?" आणि मी कोण? मी काय नॉर्वेहून आलो?

लिहून दिलं तिला, बाप ट्रामच चालवेल, नाहीतर मी लिहिणार नाही. उद्या विचारलंत तरी हेच लिहीन. ज्या पगारावर मी वाढलो त्याची लाज तुम्हाला वाटते, मला नाही वाटत, हे काकांना तोंडावर सांगितलं, सगळ्यांदेखत, बाबांदेखत.

हक्क चॅनेलकडे होते. ऑक्टोबरात मालिका येतेय, दुसऱ्याने लिहिलेली. बाप हार्ट सर्जन आहे. माझं नाव त्यात कुठेही नाही, आणि मार्चपासून बाबा माझ्याशी बोललेले नाहीत.