राहूतला रिटेक

तुम्ही आत्ता रिटेकवरून कुरकुरलात म्हणून सांगतो. साठ सालाच्या आसपास मी माहितीपटांचा कॅमेरा चालवायचो. माजी सैनिकांवर फिल्म करायला आम्ही दौंड तालुक्यातल्या राहूला गेलो होतो. तिथल्या एका म्हातारीचे दोन्ही लेक महायुद्धात लढायला गेलेले. थोरला हवालदार होऊन परतला, धाकटा तिकडंच राहिला.

आमच्या दिग्दर्शकाला थोरल्याचं ते घरी येणं हवं होतं. हवालदार जुना गणवेश चढवून, ट्रंक घेऊन चालत आले. आजींनी दारात भाकरतुकडा ओवाळून टाकला, पण त्यांची नजर लेकाच्या खांद्यावरून मागं, रस्त्यावर.

"कट! आजी, मुलाकडे बघा. मागे कोण आहे?"

"कुनी न्हाई," आजी म्हणाल्या.

हवालदार मुकाट्यानं वळणापर्यंत गेले, परत आले. आजींची नजर पुन्हा रस्त्यावरच. दिग्दर्शक वैतागला. त्याला फिल्म वाया जातेय एवढंच दिसत होतं.

"ह्याला अजून किती येळा आनायचा?" आजींनी विचारलं.

"सिनेमात असंच असतं, आजी," दिग्दर्शक म्हणाला. "मनासारखं होईपर्यंत माणसाला पुन्हा पुन्हा घरी आणता येतं."

हवालदार ट्रंक उचलायला वाकले होते. आजींनी त्यांचा हात धरून त्यांना उंबऱ्याच्या आत घेतलं. मग भाकरीचा नवा तुकडा मोडून त्या पुन्हा दारात उभ्या राहिल्या.

"ह्यो आला की, सायेब. आता धाकल्याला आना."