सही माझीच होती

आमचं गाव कळंब्याच्या वरच्या अंगाला. बाप शिंपीकाम करायचा, मशीन दुसऱ्याची. मी मॅट्रिक झालो आनि गावच्या सोसायटीत हिशेबनीस म्हनून चिकटलो, ही साठ-बासष्टची गोष्ट बगा. दहा-बारा वर्षं मान खाली घालून वह्या लिवल्या. काय सांगू तुम्हाला, माज्या वहीत खाडाखोड म्हनून दिसायची न्हाय. लोक म्हनायचे, म्हादू हिशेबनीस म्हंजे सरळ मानूस. व्हतो बी की मी सरळ, तवा.

आता सोसायटीच्या मिटिंगचं ऐका, ते कळल्याबिगर पुढचं कळायचं न्हाय. पंच लोक शेतातनं घाईनं यायचे, भजी खायचे, च्या प्यायचे आनि कोऱ्या पानाच्या तळाला सह्या ठोकून जायचे. वरचा ठराव मी दुसऱ्या दिवशी निवांत लिवायचा. सगळीकडं असंच चालायचं, त्यात वाईट काय हाय असं कुनालाच वाटायचं न्हाय, मलाबी न्हाय. ग्रामपंचायतीत नवा ग्रामसेवक आला, त्येला ही रीत मीच शिकवली, वर किती जागा सोडायची ते बोटानं दावून.

आनि दस्तगीर. दस्तगीर माजा लहानपनापासनंचा दोस्त. बैलांच्या खुराला पत्र्या मारायचं काम त्येचं, त्येच्या बाचंबी तेच. रस्त्याकडंला चिंचंखाली पंचायतीच्या जागेत त्येंचा तळ, दोन पिढ्यांचा. मी विलेक्शनला हुबा ऱ्हायलो तवा ह्यो बाबा काय करायचा, बैल आडवा पाडला की मालकाला म्हनायचा, शिंगं धर घट्ट, आनि आता ऐक. मालक जानार कुठं? बैल हातात. पत्री ठोकता ठोकता दस्तगीर त्येला माजं मत पटवायचा. निवडून आलो, सरपंच झालो, ते त्येच्या हातोडीनं झालो. हे मी खोटं बोलत न्हाय.

सरपंच झालो आनि डोकं फिरलं. आमचे पुढारी व्हते, सगळे त्येंला आप्पा म्हनायचे. आप्पांनी खांद्यावर हात टाकला, म्हनले, पुढच्या टायमाला तुला जिल्हा परिषदेचं तिकीट. झालं. मीबी पंचायतीच्या मिटिंगला यायचा, च्या प्यायचा आनि कोऱ्या पानावर सही ठोकून आप्पांच्या जीपमदी बसायचा, वरचा ठराव ग्रामसेवक मागनं लिवायचा. जो मानूस दुसऱ्याची वही दोनदा तपासायचा, त्येनं सोताची सही कशाखाली चाललीया ते बगितलं न्हाय.

एक दिवस दस्तगीरला नोटीस आली. पंचायतीनं ठराव केला म्हनं, चिंचंखालची जागा खताच्या गोडावनाला द्यायची. गोडावन आप्पांच्या मेव्हन्याचं. ठरावाखाली पयली सही माजी.

दस्तगीर चावडीत आला. आप्पांचा मानूस माज्या शेजारी बसलेला. दस्तगीर आरडला न्हाय, वराडला न्हाय. म्हनला, म्हादा, एवडंच म्हन, मला ठावं न्हवतं. तू म्हनलास की मी घरला जातो, जागा गेली तर जाऊंदे.

ठावं न्हवतंच की मला! पर तसं म्हनायचं म्हंजे कोऱ्या कागदावर सही केली म्हनून चारचौघांत कबूल करायचं. सरपंचपद जानार, तिकीट जानार. मी टेबलाकडं बगितलं आनि म्हनलो, ठराव कायदेशीर हाय.

त्यो चावडीची पायरी उतरून गेला. महिन्याभरात बिऱ्हाड घिऊन जयसिंगपूरला गेला.

तिकीट आप्पांच्या पुतन्याला मिळालं. मला म्हनले, तू हिशेबाचा मानूस, तुला राजकारन झेपायचं न्हाय. थू त्या राजकारनावर! सरपंचकी बी गेली. आता घरीच असतो, सांधं धरल्यात.

गेल्या वर्षी न राहवून जयसिंगपूरला गेलतो. मला ठावं न्हवतं, एवडंच सांगायचं घोकत गेलतो सगळ्या वाटंनं. दस्तगीर दारातच बसलेला, केस पार पांढरं झाल्यात. मला बगून उठला, खुर्ची दिली. आतनं बायकोनं इचारलं, कोन आलंय? तर म्हनला, कोन न्हाय, आमच्या गावचे सरपंच आल्यात, च्या टाक.

च्या प्यालो आनि आलो. त्येनं मला माफ करू ने, मी त्येच्या जागी असतो तर केलं नसतं. त्येची पोरं सुखात ऱ्हाऊंदेत, एवडंच मागनं हाय आता.