यमुनेची आठ मिनिटं

सहा शाली. डोलीतली बाई. भिंतीवरचं घड्याळ. नारळांचं तबक. "बसा आता!"

काय संबंध? काहीच नाही, म्हणाल! मृदंगबुवा, हात आवरा जरा. मंडळी, ऐका. आधी मला सांगा — कुणाचं पाकीट मारलं तर तो चोर. बरोबर? आणि कुणाची आठ मिनिटं मारली तर? — तर तो पाहुणा! त्याला हार!

हसू नका. हसवायला उभा नाही मी.

यमुना झोरे. सड्यावरच्या, म्हणजे वरच्या कातळमाळावरच्या, धनगरवाडीतली अंगणवाडी सेविका. वाडी आणि रस्ता यांच्यामध्ये ओढा. पावसाळ्यात बाळंतीण अडली की डोलीत घालायची, आणि चौघांनी छातीभर पाण्यातून न्यायची! यमुनेच्या सुनेचे, जाईचे, श्रावणात दिवस भरणार होते. साकव हवा होता — छोटा पूल हो, माणूस चालत जाईल एवढा. जिल्ह्याच्या कचेरीत साहेबांपुढे प्रेझेंटेशन करायचं. गावं नऊ. साकव मिळणार एकालाच. प्रत्येकाला आठ मिनिटं.

बाई तयारीला कशी लागली बघा! बावीस फोटो जमवले आणि नवऱ्यापुढे उभी राहिली. धाकू झोरे म्हणतो, "अगं, तिसऱ्यालाच कळलं मला. पुढचे कशाला?"

असा राग आला तिला! दोन दिवस बोलली नाही त्याच्याशी. तिसऱ्या दिवशी एकोणीस फोटो काढून टाकले. राहिले तीन. साहेब काय काय विचारतील, ते वहीत लिहिलं, उत्तरं पाठ केली. घड्याळ लावून बोलली — सहा मिनिटं! दोन प्रश्नांना ठेवली.

मग आले सरपंच भिकाजीराव. "वहिनी, असं नसतं. एकदम विषयाला हात घालायचा? उद्धटपणा दिसतो. आधी मी दोन शब्द बोलतो."

दोन शब्द! मंडळी, आपल्याकडे कुणाचे दोन शब्द दोनावर थांबलेत?

कचेरीत यमुनेचं नाव पुकारलं, आठ मिनिटं सुरू झाली, आणि उभे राहिले भिकाजीराव! "सन्माननीय... आदरणीय... कार्यसम्राट..." पहिली शाल. दुसरी. तिसरी प्लॅस्टिकमधून निघेना! फोटोवाला ओरडतोय, "साहेब, जरा इकडे!" पाचवी झाली, आणि एका अभियंत्याचं नाव राहिलं. अरे देवा! क्षमायाचना! पुन्हा आदरणीय! सहावी!

आणि यमुना? जिचं बोट पुढच्या फोटोच्या बटणावर हवं, तिच्या हातात नारळांचं तबक! घड्याळ दिसतंय. आत्ता म्हणावं — पुरे! तोंड उघडलं तिनं. आणि काय म्हणाली?

"हा नारळ कुणाला द्यायचा?"

पडद्यावर पहिला फोटो आला. "साहेब, ही आमची—"

टणकन घंटी!

"वेळ संपली. बसा आता."

"साहेब, एकच फोटो—"

"बाई, नियम सगळ्यांना सारखा. सत्कार मात्र छान केलात हं!"

साकव गेला दुसऱ्या गावाला. तिथला माणूस चार वाक्यं बोलून खाली बसला होता. परतताना एसटीत भिकाजीराव म्हणतात, "कार्यक्रम देखणा झाला, वहिनी!"

श्रावणात ओढा फुगला. जाईची डोली अर्धा दिवस काठावर थांबली. जाई वाचली. बाळ रडलंच नाही.

आता मान का खाली घालता? आजचं कीर्तन चारचं. मी उभा राहिलो साडेपाचला! दीड तास सत्कार चालले — देणगीदारांचे, मंडपवाल्याचे, मंडपवाल्याच्या मेव्हण्याचे! म्हाताऱ्या माणसांचे पाय आखडले. तुमच्यातला एक तरी उठून "पुरे" म्हणाला? यमुना साहेबांना घाबरली. तुम्ही कुणाला घाबरलात? आणि मीही वाकून शाल घेतलीच की! ही घ्या परत. उचला इथून! उद्या कुणी गाऱ्हाणं घेऊन तुमच्यापुढे उभं राहिलं, तर आधी त्याला बोलू द्या. तुमची नावं त्याला नको आहेत!

धनगरवाडीच्या त्या ओढ्याची रुंदी अवघी एकवीस फूट आहे.