मुलीला नापास करावे म्हणून

जबाब, दि. १ मे १९९८

मी, नवसाबाई पुंजा गावित, वय अंदाजे ३२ वर्षे, धंदा बिगारी काम, राहणार सातपूर, नाशिक, मूळ राहणार तालुका पेठ. समक्ष विचारल्यावरून जबाब देते की, मी वरील ठिकाणी माझा नवरा पुंजा व मुलगी मीना, वय १० वर्षे, यांच्यासह राहते. आम्ही दोघे बांधकामावर मजुरी करतो. मला लिहिता-वाचता येत नाही. मीना घराजवळच्या महानगरपालिकेच्या शाळेत चौथीत शिकते. चौथी झाली, असे शाळेचे म्हणणे आहे. झालेली नाही, असे माझे म्हणणे आहे. एवढ्यावरून मला येथे पोलीस ठाण्यात आणले आहे.

मुख्याध्यापकांनी आज तक्रार दिली की, मी निकालाच्या कार्यक्रमात गोंधळ घातला, शाळेच्या कचेरीच्या दारात ठाण मांडले व शिपाई काळू यांना ढकलले. पहिल्या दोन गोष्टी खऱ्या आहेत. तिसरी खोटी आहे. काळू मला हाताला धरून उठवत होते, मी उठले नाही, तेव्हा ते स्वतःच उताणे पडले. नंतर मीच त्यांना पाणी आणून दिले.

कारण विचारल्यावरून सांगते की, मार्च महिन्यात माझी आई फार आजारी असल्याचा निरोप गावाहून आला. मी मीनाला घेऊन दुपारी एसटी स्टँडवर गेले. मी दरवेळी गाडी चार जणांना विचारून चढते. त्या दिवशी विचारले नाही, कारण चौथीतली मुलगी सोबत होती. मला त्याचा तोराही होता, ते कबूल करते. समोर गाडी लागलेली होती. मी मीनाला म्हणाले, "बघ बरं, पेठ लिवलंय का?" ती पाटीकडे बघून म्हणाली, "हो आये, पेठ." आम्ही चढलो व जागाही मिळाली.

द्वारकेचा चौक आला तेव्हा मी उठून तिकिटे फाडत येणाऱ्या कंडक्टरांना विचारले. पेठची गाडी द्वारकेवरून जात नाही, हे समजायला वाचता यावे लागत नाही. कंडक्टर म्हणाले, "मावशी, ही सटाण्याला चालली. पाटी वाचली नाही का?" गाडीतले लोक हसले. आम्ही खाली उतरलो. मी मीनाला मारले नाही. फक्त विचारले. ती म्हणाली, "तू पेठ म्हणालीस ना, म्हणून मी पेठ म्हटलं."

परत स्टँडवर जाऊन दुसरी गाडी मिळेपर्यंत उशीर झाला. पेठहून आईच्या पाड्याकडे जाणारी शेवटची गाडी निघून गेली होती. आम्ही सकाळी पोहोचलो. आईचे रात्रीच आटोपले होते. माझे नाव घेत होती, असे बहिणीने सांगितले. हवालदार साहेब म्हणाले की याचा तक्रारीशी संबंध नाही, हे लिहायची गरज नाही. मी म्हणाले, लिहा.

परत आल्यावर मी मीनाला पुस्तक घेऊन समोर बसवले. ती रोज संध्याकाळी मोठ्याने धडे वाचायची व ते ऐकत भाकरी थापताना मला बरे वाटायचे. त्या दिवशी तिने पान उघडून धडा घडाघडा म्हटला. मी चित्रावर हात ठेवला. ती गप्प झाली. दुसऱ्या पानावरचे चित्र झाकले, तिथेही गप्प. चित्र पाहून कोणता धडा ते ती ओळखत होती व वर्गात सगळ्यांच्या सुरात सूर मिळवून पाठ केलेले म्हणत होती. अक्षरे तिला सुटी सुटी येतात. जोडता येत नाहीत. म्हणजे चार वर्षे मी तिचे वाचणे ऐकत होते आणि ती वाचतच नव्हती.

मी कामाचा खाडा करून वर्गशिक्षिका अंजली बाई यांना भेटले. बाई वाईट नाहीत. मुलांना मारत नाहीत, मीनाच्या केसांतल्या उवासुद्धा त्यांनीच मला दाखवल्या होत्या. त्या म्हणाल्या, "नवसाबाई, तिसरी-चौथी एका खोलीत, पासष्ट मुलं. मध्ये निवडणुकीचं काम, मग पोलिओचे डोस. मी एकेकाला वाचायला कधी लावू?" हे त्यांचे म्हणणे मला पटले. मी म्हणाले, "मग बाई, तिला अजून एक वरीस तुमच्याकडंच ठेवा." त्या म्हणाल्या, "बघू." बघू म्हणजे नाही, हे मला मजुरी मागून मागून कळते. तरी मी वाट पाहिली.

आज सकाळी झेंडावंदन झाल्यावर निकाल होता. पाहुणे बोलावले होते. मुख्याध्यापकांनी माईकवरून सांगितले की चौथीचा निकाल शंभर टक्के लागला. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. मी उभी राहून म्हणाले, "सर, शंभरातली एक कमी करा. माझी मीना नापास हाय." लोकांना वाटले मला काही समजत नाही. एक बाई माझा पदर ओढून म्हणाली, "अगं पास झाली, पेढे वाट." मी हातात दिलेले प्रगतिपुस्तक फाडलेले नाही. मी ते नीट मिटून पाहुण्यांपुढच्या टेबलावर परत ठेवले.

त्यानंतर मी कचेरीच्या दारात बसले. मुख्याध्यापक म्हणाले, "लोक पास करा म्हणून पाया पडतात आणि तुम्ही नापास करा म्हणून भांडता?" मी म्हणाले, "पाया पडू का? पडते. पन नापास करा." ते म्हणाले, पोरीचे मन मोडेल, चारचौघांत अपमान होईल. मी भिंतीच्या कामावर असते. भिंत ओळंब्यात नसली तर मिस्त्री ती पाडायला लावतो आणि आम्ही पुन्हा उभी करतो. त्यात भिंतीचा अपमान होत नाही. वाकड्या भिंतीवर स्लॅब टाकला तर माणसे मरतात.

मीना तेव्हा रडत होती. तिच्या मैत्रिणी मोठ्या शाळेत जाणार व ही मागे राहणार. मला ते दिसत नाही असे नाही. मी तिला सगळ्यांसमोर नापास म्हटले, याचे मला फार वाईट वाटते. पण मी मागे हटणार नाही.

अंजली बाई आत्ता ठाण्यात आल्या होत्या. त्यांनी सांगितले की नाव पाचवीत जाऊ द्या, जूनपासून मीनाला माझ्या वर्गात आणून बसवा, मी शिकवते. त्यांचे उपकार आहेत. पण नाव एकीकडे आणि मूल दुसरीकडे, असे मला नको. उद्या बाईंची बदली झाली तर पोरीला कोणी विचारणार नाही. खरे आहे ते लिहावे व तिला चौथीत ठेवावे, एवढीच माझी मागणी आहे. जूनमध्ये शाळा उघडेल तेव्हा मी तिला चौथीच्या वर्गातच नेऊन बसवीन. परत तक्रार झाली तर परत येथे येईन.

हवालदार साहेबांनी हा जबाब मला वाचून दाखवला व बरोबर आहे असे म्हणून अंगठा करायला सांगितले. मी म्हणाले, माझी मुलगी चौथी पास आहे, ती वाचील. मीना माझ्याशेजारी बसली आहे. ती कागदाकडे बघत राहिली. येथे चित्र नाही. मग मी डोळे मिटून कागदावर मध्येच कुठेतरी बोट ठेवले. तिथे काय लिहिले आहे ते मला माहीत नव्हते, त्यामुळे तिला माझ्या तोंडाकडे बघून सांगता येत नव्हते. तिने फार वेळ लावला. साहेबांचा चहा येऊन गेला. मग ती हळूच म्हणाली, "गा... डी. गाडी." साहेबांनी वाकून पाहिले व होय म्हणाले.

तेवढा शब्द बरोबर आहे, त्याचा हा अंगठा. बाकीचा जबाब जपून ठेवावा. पुढच्या एक मेला मी मीनाला घेऊन येईन. ती वाचून दाखवील, मग तो बरोबर आहे की नाही ते सांगेन.

निशाणी डाव्या हाताचा अंगठा, नवसाबाई पुंजा गावित