आधी आपली चूक

(चर्चच्या मागची, पाळकांच्या स्वयंपाकघराला लागून असलेली समुपदेशनाची खोली. समोरासमोर दोन खुर्च्या, मधल्या टेबलावर बायबल आणि कागदी रुमालांचा डबा. तिसरी खुर्ची पाळकांची. त्यांची लग्न झालेली मुलगी दाराशी उभी आहे. डावा हात ओढणीखाली, पायाशी बॅग.)

मुलगी : नाही बाबा, त्या खुर्चीवर मी परत बसणार नाही.

पाळक : बरं, माझ्या खुर्चीवर बस. पण बस. उभ्या उभ्या कुणाचं मन मोकळं होत नाही.

मुलगी : मन मोकळं करायला नाही आले. राहायला आलेय.

पाळक : घर तुझंच आहे गं. पण जावयांशी न बोलता असं निघून येणं... आणि हात का झाकलायस? दाखव. अरे देवा, प्लास्टर? काय झालं?

मुलगी : ड्रॉवर.

पाळक : सापडला ड्रॉवरमध्ये?

मुलगी : सापडला नाही. तुमच्या जावयानं धरला, आत ठेवला आणि ड्रॉवर बंद केला. दोन बोटं मोडली.

पाळक : प्रभू, दया कर. मी... मी बोलतो त्याच्याशी.

मुलगी : तुम्ही बोललात म्हणूनच झालं हे.

पाळक : मी काय केलं?

मुलगी : मागच्या बैठकीत नियम काय होता?

पाळक : नेहमीचाच. आधी आपली चूक सांगायची, मग दुसऱ्याची. इथे येणाऱ्या प्रत्येकाला तोच नियम आहे. माझी मुलगी म्हणून तुला वेगळा लावला असता, तर चर्चच्या मंडळीला मी काय तोंड दाखवलं असतं?

मुलगी : मी हात जोडून म्हटलं होतं, त्याच्यादेखत नको, आधी माझ्याशी एकटीशी बोला.

पाळक : नवरा-बायकोत पडदा नको, असं पवित्र शास्त्रच सांगतं. दोघं एकदेह असतात.

मुलगी : हो ना. म्हणून सांगितलं मी. निघून जायचा विचार करतेय, कपडे आणि सर्टिफिकिटं मैत्रिणीकडे नेऊन ठेवलीत, नवऱ्यापासून लपवलं, ही माझी चूक.

पाळक : किती प्रांजळपणे सांगितलंस! बाप म्हणून ऊर भरून आला होता माझा. तो तर ढसाढसा रडला.

मुलगी : रडला. अर्धा डबा रुमाल संपवले. आणि त्याची चूक काय होती, आठवतंय? ‘मला जरा पटकन राग येतो.’ बस. तुम्ही आमेन म्हणालात, पाठ थोपटलीत. दुसऱ्या दिवशी तो मैत्रिणीच्या दारात जाऊन बॅग घेऊन आला. ती ही बॅग.

पाळक : तू मला लगेच फोन का नाही केलास?

मुलगी : काय सांगणार होते? तुमचीच पद्धत तो घरी चालवतो म्हणून? रोज जेवायच्या आधी दोन खुर्च्या मांडतो. अशाच, समोरासमोर. प्रार्थना करतो आणि म्हणतो, चल, आधी आपली चूक.

पाळक : रोज?

मुलगी : रोज. चुका संपल्या हो बाबा. मीठ जास्त पडलं, फोन उशिरा उचलला, शेजारणीशी फार हसले, सगळं सांगून झालं. मग बनवायला लागले. न केलेल्या चुका. त्याला पटेपर्यंत. सोमवारी काही केल्या सुचेना.

पाळक : मग?

मुलगी : सांगितलं ना. ड्रॉवर.

आई : पाणी आणलंय. घे गं.

पाळक : तू कधी आलीस? ऐकलंस हे?

आई : भिंत पातळ आहे. या खोलीत बोललेलं सगळं माझ्या ओट्यापाशी ऐकू येतं. अख्ख्या मंडळीच्या कबुल्या ऐकल्यात मी भांडी घासताना. तुम्ही कधी विचारलं नाहीत, मीही बोलले नाही. हळू पी, राणी.

पाळक : हे बघा, त्यानं देवाच्या वचनाचा दुरुपयोग केलाय, भयंकर केलाय. पण म्हणून पद्धत खोटी ठरत नाही. कितीतरी संसार या दोन खुर्च्यांनी सावरलेत.

मुलगी : सावरलेत की गप्प झालेत? बायबलातल्या त्या राजानं दुसऱ्याची बायको पळवली, तेव्हा देवाचा संदेष्टा कुणाकडे गेला होता? तुम्हीच शिकवलंत लहानपणी. श्रीमंतानं गरिबाचं एकुलतं कोकरू हिरावल्याची गोष्ट सांगितली आणि राजाला धरलं. कोकराला नाही विचारलं, बाई, आधी तुझी चूक सांग.

पाळक : तू चिडलेली आहेस, म्हणून बोलतेस. अगं, ही पद्धत मी हवेतून नाही काढली. आपल्याच घरात देवानं ती मला दाखवली. तुझी आई साक्ष आहे. आमच्यात अबोला होता, आम्ही असेच समोरासमोर बसलो, आणि तिनं आपणहून कबूल केलं, मी घमेंडी आहे. त्या एका वाक्यानं आमचा संसार वाचला. प्रत्येक प्रशिक्षणवर्गात मी हेच सांगतो.

आई : बनवलं होतं मी ते.

पाळक : काय?

आई : घमेंडी आहे, ते. तुम्ही सगळा वेळ मंडळीच्या मागे, घरात लक्ष नाही, एवढंच म्हणाले होते मी. तर तुम्ही बायबल उघडून बसलात. ही आत कान दुखतो म्हणून रडत होती आणि तुम्ही मला खुर्चीतून उठू देत नव्हतात. म्हणे, आधी अंतःकरण तपास. तोंडाला आलं ते बोलले आणि पोरीकडे पळाले.

पाळक : तू रडली होतीस.

आई : हिच्यासाठी. कान फुटला होता तिचा.

पाळक : इतकी वर्षं मी हे लोकांना सांगतोय... तू समोर बसलेली असतेस...

आई : पहिल्या रांगेत. दर वेळी वाटतं, उठून सांगावं. मग तुमचा उजळलेला चेहरा बघते आणि मूग गिळून बसते. आज वाटतंय, उठले असते तर हिची बोटं वाचली असती.

मुलगी : आई, तू रडू नकोस गं.

पाळक : शनिवारी तीन मंडळ्यांतून माणसं शिकायला येणार आहेत. त्यांच्यापुढे मी काय उभं करू आता?

मुलगी : बाबा, माझी बोटं मोडलीत.

पाळक : हो. हो गं, बाळ. मला... थांब. बेल वाजली.

आई : या वेळी कोण?

पाळक : मी बोलावलंय त्याला.

मुलगी : कधी?

पाळक : तू बॅग घेऊन फाटकातून येताना दिसलीस तेव्हाच. हाताचं मला माहीत नव्हतं गं! दोन्ही बाजू ऐकायच्या असतात. तो फोनवर फार रडत होता.

मुलगी : मला बॅगेसकट येताना पाहिलंत, आणि दार उघडायच्या आधी त्याला फोन केलात.

आई : चल. स्वयंपाकघरातून मागच्या दारानं निघ. मावशीकडे जायचंय. मागे बघू नकोस.

पाळक : थांबा, मी आहे ना इथे. माझ्यासमोर तो हात लावणार नाही तिला.

मुलगी : तुमच्यासमोर त्यानं कधीच लावला नाही, बाबा. येते मी.

पाळक : अडव तिला! तो पुन्हा बेल वाजवतोय. आत आला आणि ही खुर्ची रिकामी दिसली तर काय वाटेल त्याला? निदान तू तरी बस इथे.

आई : रिकामी दिसू दे.

पाळक : अगं, तू कुठे निघालीस?

आई : एका हातानं तिला बॅग उचलत नाही.