तिसरी ताकीद

"हॅलो?… हॅलो, कोण?… अगं, तू होय! बोल… हो, आलोय, बसलोय… हॅलो? ऐकू येत नाही?… मी बोलतोय गं, बोलतोच आहे…"

पुंजारामांनी फोन कानाशी घट्ट धरला आणि आजूबाजूला पाहिलं. डावीकडची खुर्ची रिकामी, उजवीकडचीही रिकामी, दोन्हींवर लाल पट्टीची फुली. एकाआड एक बसायचं, हा नियम. तरी त्यांना वाटत होतं, सगळं स्टेडियम आपलंच बोलणं ऐकतंय. सार्वजनिक वाचनालयात छत्तीस वर्षं नोकरी केलेल्या माणसाला चारचौघांत फोनवर बोलणं चोरीसारखं वाटतं.

"काय म्हणालीस?… मडक्यात तोंड घालून बोलल्यासारखं वाटतंय? अगं, मास्क आहे… हो, तू शिवलेलाच, खणाचा. त्याच्यावर आणखी एक निळा… दारात दिला त्यांनी. नुसता कापडी चालत नाही म्हणे… नाही गं, तुझ्या शिलाईला कुणी नावं ठेवली नाहीत. खण छान आहे म्हणाली ती बाई. पण वरून निळा लावा म्हणाली… हो, म्हणजे खण दिसत नाही आता… मग मी काय करणार? नियम आहे."

नियमांचा कागद पुंजारामांनी तीनदा वाचला होता. हातात आलेलं काहीही ते शेवटच्या ओळीपर्यंत वाचायचे, मग ती एसटीच्या तिकिटामागची जाहिरात का असेना. मास्क नाक आणि तोंड झाकेल असा पूर्ण वेळ लावावा. खाली घेतल्यास दोन वेळा ताकीद, तिसऱ्यांदा बाहेर. दोन डोस होऊन चौदा दिवस झाले असतील तरच प्रवेश.

या शेवटच्या ओळीनेच सगळा घोळ केला होता. बायकोचा, भागुबाईंचा, दुसरा डोस होऊन नऊच दिवस झाले होते. त्यामुळे इंदिरानगरच्या घरी त्या, आणि इथे पुंजाराम. खरं तर उलट व्हायला हवं होतं. मुलगा महेश हरसूलला शिक्षक. त्याने मुलीला खेळासाठी आजी-आजोबांकडे ठेवलं. आठ वर्षं रोज सकाळी रोशनीला बास्केटबॉलच्या मैदानावर नेली ती भागुबाईंनी. फाउल काय, रिबाउंड काय, कोचचं कुठे चुकतं, सगळं त्यांना तोंडपाठ. पुंजाराम कधी गेलेच तर झाडाखाली पुस्तक उघडून बसायचे. आता तीच रोशनी व्यावसायिक लीगमध्ये नाशिकच्या संघात होती. सहा सामने झाले, सहाही तिने बाकावर बसून पाहिले. आज नागपूरशी सातवा.

"मोबाइलवरची मॅच अडकली?… गोल गोल फिरतंय नुसतं… खालच्या मजल्यावरच्या संध्याला बोलाव ना, तिला जमतं ते… दळण आणायला गेलीय? बरं… म्हणून घरच्या फोनवरून केलास होय… मी सांगू? मॅच? अगं, मला कुठे कळतं त्यातलं… बरं बरं, सांगतो. चिडू नकोस… थांब, जरा नीट बोलतो."

त्यांनी दोन बोटांनी दोन्ही मास्क हनुवटीवर ओढले.

"हां. आता येतंय ऐकू?… तर ऐक. आपल्या पोरी पिवळ्या कपड्यांत आहेत. नागपूरच्या जांभळ्या. चेंडू… चेंडू आत्ता एका उंच मुलीकडे आहे… कोण म्हणजे? उंच गं… सगळ्याच उंच आहेत, तेही खरं… अं? हो हो, बाई. घेतो वर. चुकलं. घरून फोन होता… हो, घेतला बघा… घेतलाच."

मास्कच्या नियमावर नेमलेली नवसाबाई जिन्याच्या टोकाशी उभी राहून सगळा स्टँड डोळ्यांखाली ठेवून होती. आवाज चढवायची तिला गरजच पडत नव्हती. तिने नुसतं बोट वर केलं. एक.

"नाही, तुला नाही म्हणालो… ताकीद मिळाली मला. पहिली… अगं हसतेस काय? मला आजवर कुणी ताकीद दिलेली नाही. मीच लोकांना द्यायचो… हो, आता कळलं कसं वाटतं ते. बरं, हसून झालं असेल तर सांगतो."

ते सांगू लागले. पण आता वेगळीच अडचण उभी राहिली. दोन मास्क, वर तोंडातून सतत बोलणं. वाफ नाकाशेजारून वर चढली आणि चष्म्याच्या दोन्ही काचा पांढऱ्या झाल्या.

"आता… आता पिवळं काहीतरी उजवीकडे गेलं. जांभळं मागे… नाही, गोल झाला का ते… टाळ्या वाजल्या. आपल्यासाठी असाव्यात… अगं, दिसत नाहीये मला! काचांवर वाफ धरतेय… डोळे मिटून बसलो नाही मी! 'वाचता वाचता झोपला असाल' म्हणे. पुस्तक नाहीये माझ्याकडे… पिशवीत आहे, पण काढलेलं नाही… शप्पथ."

एव्हाना चौथा, शेवटचा क्वार्टर निम्म्यावर आला होता. पुंजारामांनी धोतराच्या सोग्याने पुसावा तसा सदऱ्याच्या टोकाने चष्मा पुसला, घातला, आणि पुन्हा धुकं. हरसूलच्या घाटात श्रावणात बस उभी करावी लागते, तसं. त्यांनी भीत भीत मास्क नाकाच्या शेंड्याखाली, बस, बोटभर उतरवला. काचा हळूहळू मोकळ्या झाल्या.

"हां, दिसलं! फळ्यावर आपले एक्कावन्न, त्यांचे चोपन्न… हो, तीनच कमी. रोशनी? बाकावर आहे… शेवटून दुसरी. लाल रिबीन. पाणी देतेय दुसऱ्या मुलींना… अगं असू दे, त्यालाही कुणीतरी लागतंच… हो, मलाही वाईट वाटतं. तोंड पाडून बसलेली नाहीये पण. पुढे वाकून बघतेय… काय बाई? नाक?… हो, नाक उघडं होतं. काचांमुळे… नाही नाही, नियम बरोबरच आहे तुमचा. आणखी कुणाकुणाला आजार… हो. घेतला वर."

दोन बोटं.

"दुसरी… हो, दुसरी ताकीद. आता तिसरी म्हणजे बाहेर… तू शपथ घालू नकोस, मी नाही उतरवणार आता. काही झालं तरी नाही… नाही दिसलं तर नाही दिसलं. ऐकतो नुसतं. तुझ्यासारखाच… अगं शिट्टी झाली. कुणीतरी खाली बसलंय… पिवळं… थांब, माइकवर सांगतायत… 'पाचवा फाउल.' म्हणजे काय?… बाहेर? आपली मुलगी कायमची बाहेर?… मग तिच्या जागी कोण?"

  धुक्याच्या काचांमधून त्यांना बाकाजवळ हालचाल दिसली. कोणीतरी उभं राहिलं. जाकीट काढल्यासारखं केलं. मग माइकवरचा आवाज साऱ्या स्टेडियमभर घुमला.

"ऐकलंस?… ऐकलंस का तू?… चौदा नंबर म्हणाले! अगं आपला चौदा! रोशनी उतरतेय… हो, आत्ता. आत्ता आत चाललीय… रडू नकोस… मी? मी कुठे रडतोय… कशी दिसतेय? दिसत नाहीये… पिवळा ठिपका दिसतो नुसता… सगळे पिवळेच ठिपके… कुठला तिचा ते कळत नाही गं…"

पुंजारामांनी चष्मा पुसला. पुन्हा पुसला. दोनच मिनिटं उरली होती. जिन्याच्या टोकाशी नवसाबाई त्यांच्याकडेच बघत होती, आणि तिचं काहीच चूक नव्हतं. जन्मभरात पुंजारामांनी कधी रांग मोडली नव्हती. उशिरा पुस्तक आणणाऱ्या स्वतःच्या भावाकडूनही त्यांनी दंड घेतला होता. आपण काही करायला गेलो की ते चुकतंच, हा त्यांचा पहिल्यापासूनचा ठाम विश्वास. त्यांनी चष्म्याकडे पाहिलं, नवसाबाईकडे पाहिलं. आणि सावकाश, एक कान, मग दुसरा कान, असे दोन्ही मास्क काढून खिशात ठेवले आणि चष्मा चढवला.

"ऐक. आता सगळं दिसतंय… काही विचारू नकोस, ऐक. ती उजव्या कोपऱ्यात आहे. एकटी. कुणाचं लक्षच नाही तिच्याकडे… चेंडू मधे आहे… पलीकडे गेला… आला! तिच्याकडे आला! जांभळी अंगावर धावली… रोशनीनं नुसती मान वळवली गं, डावीकडे, आणि गेली उजवीकडून!… ती फसली, मीही फसलो!… वर उडाली… हात… गेला! गेला गं आत! दोरीलाच लागला नुसता! रोश-नी! ए रोशनी! शाब्बास!"

तीन रांगांनी मागे वळून पाहिलं. तो आवाज आपला होता, हे पुंजारामांना स्वतःला सगळ्यांत शेवटी कळलं.

"हो… मीच ओरडलो… कानाला लागलं? माफ कर… ऐकलं असेल का तिनं? बघितल्यासारखं वाटलं वर… हो बाई, आलो. तुम्ही या कशाला, मीच येतो… नाही, तक्रार नाही काही. दोनदा सांगितलंत तुम्ही. मास्क आहे, हा काय, लावतो दारापर्यंत… चला."

नवसाबाई त्यांच्या दोन पायऱ्या पुढे, पुंजाराम मागे; कानाला फोन, छाती जरा पुढे. असा थाटात बाहेर काढलेला माणूस त्या स्टेडियमने पाहिला नसेल. दार उघडलं, मिटलं, आणि ते बाहेरच्या पिंपळाच्या पारावर येऊन बसले.

"हॅलो?… आहेस का?… हो, आता स्वच्छ येतोय आवाज. बाहेर आहे मी… बाहेर म्हणजे बाहेर. झाली तिसरी… बोल, बोल तू. पोटभर बोल… 'नात उतरली आणि आजोबा रस्त्यावर.' हो, खरं आहे… पण मी बघितलं तिला. मास्कमधून बसून राहिलो असतो तर ठिपका बघितला असता. मी तिचा चेहरा बघितला… ओठ मुडपलेले होते. तू सुईत दोरा ओवताना मुडपतेस तसे… हो, अगदी तसेच."

पलीकडे नाक ओढल्याचा आवाज झाला. मग दार वाजलं, बांगड्या वाजल्या, आणि दोन बायका एकदम बोलू लागल्या.

"कोण आलं?… संध्या? दळण घेऊन? बरं झालं… दे, दे तिच्याकडे मोबाइल… सुरू झाली? लागली मॅच? वा! मग आता तू सांग मला. माझं काम संपलं… किती?… त्रेपन्न-चोपन्न. एकानं मागे. किती वेळ?… वीस सेकंद… चेंडू कुणाकडे?… आपल्याकडे. बरं… बरं…"

तेवढ्यात त्यांच्या पाठीमागच्या भिंतीतून टाळ्यांचा लोट आला.

"काय झालं गं? टाळ्या कसल्या?… काहीच नाही? अजून वीसच सेकंद?… अठरा… मग इथे आत्ता… रोशनीकडे चेंडू आला? पाडलं तिला? लागलं का?… उठली. बरं… फाउल दिला. दोन फ्री थ्रो. आणि वेळ?… एकच सेकंद… म्हणजे एक गेला तर बरोबरी आणि दोन्ही गेले तर…"

 मोबाइलवर दिसतं ते मागाहून दिसतं, हे पुंजारामांच्या डोक्यात आत्ता शिरलं. भिंतीपलीकडे सगळं शांत झालं होतं. इतकं, की पिंपळावरच्या साळुंक्या ऐकू याव्यात. आणि मग भिंतच हलली. टाळ्या, खुर्च्यांवर आपटलेले पाय, सामना संपल्याचा भोंगा, आणि कुठल्याशा कोपऱ्यात लपवून आणलेला ढोल, सगळं एकदम. मास्कच्या आतून माणसं किती ओरडू शकतात, हे त्यांना पहिल्यांदा कळलं.

त्यांनी झटकन फोनवर तळवा ठेवला. ढोलाचा आवाज पलीकडे जाऊ नये म्हणून पाराच्या दुसऱ्या बाजूला गेले, आणखी थोडे पुढे गेले, थेट सायकलस्टँडपर्यंत.

"हां… आहे. आहे मी… इथे? रहदारीचा आवाज आहे. तू सांग… उभी राहिली? चेंडू आपटतेय… तीनदा? तूच शिकवलंस ते… हं… टाकला?… गेला!… पहिला गेला!… चोपन्न-चोपन्न! वा गं वा!"

पहिल्या चेंडूचा आनंद त्यांनी मनापासून केला. दुसऱ्याच्या वेळी मात्र ओठ दाबून धरले.

"काय?… बघवत नाही?… अगं, डोळे मिटू नकोस! मोबाइल संध्याकडे देऊ नकोस… ऐक माझं. आठ वर्षं नेलीस ना तिला? उघड डोळे… जाईल… मला कसं माहीत म्हणजे? मला काही माहीत नाही. पण जाईल… नाही, नुसतं समजुतीचं नाही. खात्रीनं सांगतो… हो, मी. मी खात्रीनं सांगतोय… माझ्यावर हस नंतर. आता तिच्याकडे बघ… उघडलेस?… दोन्ही?… हं… हं…"

पलीकडून आधी संध्याची किंकाळी आली. मग भागुबाईंची. मग फोन कशावर तरी आदळला, आणि दुरून टाळ्या, बांगड्या, आणि "महेशला लाव, महेशला लाव" असं काहीतरी ऐकू येत राहिलं. पुंजाराम सायकलस्टँडच्या लोखंडी नळीला टेकून डोळे मिटून ते सगळं ऐकत उभे राहिले.

"हॅलो?… अगं, मी आहे अजून… काय झालं?… सांग ना… गेला? दुसराही गेला?… पंचावन्न! जिंकली? आपली रोशनी जिंकली?… नाही, मला कसं कळणार, मी बाहेर ना… कसा गेला? कड्यावर आपटून?… फिरला? दोनदा फिरला आणि मग?… थांब, थांब. असं नको. पहिल्यापासून सांग. ती रेषेवर येऊन उभी राहिली, तिथून… नाही, मला काही घाई नाही. सावकाश सांग… हॅलो?… हॅलो?"

भागुबाईंनी हरसूलला फोन लावण्यासाठी हा कापला होता.