घड्याळजींचा तोच सिनेमा

नाही, पण मी म्हणते, एकाच सिनेमात माणसं किती वेळा रडणार? दर रविवारी? तुम्हाला सांगते, आमच्या आणि घड्याळजींच्या घरांमध्ये जी भिंत आहे ना, ती नावालाच भिंत, पलीकडे कुणी उसासा टाकला तर अलीकडे माझा पडदा हलतो! रविवारी दुपारी जरा पाठ टेकावी तर सुरू... तोच सिनेमा! घड्याळजींच्या तरुणपणी आलेला, काळा-पांढरा. मला मेलीला काय करायचंय! पण त्यात बिचाऱ्या पोरीचे हाल, त्याचं काय?

पोरगी म्हणजे त्यांची चिमणी. म्हणायला चिमणी, उंचीनं बापाच्या वर गेलीय. घड्याळजींचा एकच ध्यास, आपला सिनेमा पोरीला आवडलाच पाहिजे. लोक लेकीला दागिने देतात, हे सिनेमा देणार! बरं, द्या... पण धड बघू तरी द्याल? पडद्यावरच्या बाईनं तोंड उघडायच्या आत हे बोलून मोकळे! "आता बघ हं, आता ती म्हणेल..." आणि स्वतःच म्हणतात, बायकी आवाज काढून! मग थांबवायचा, मागे न्यायचा, "कळलं का? कळलं का तुला?" चिमणी म्हणते, "बाबा, सगळं तुम्हीच सांगितलंत, आता बघू काय?" की हे रुसले. आणि बायको? ती सुरुवातीची पडद्यावरची नावं संपायच्या आत घोरायला लागते, सुखी बाई!

तर गेल्या महिन्यातला एक रविवार. चिमणीला परगावी नोकरी लागलेली, दुसऱ्या दिवशी निघायचं, बॅग दाराशी भरून ठेवलेली, आणि पलीकडून घड्याळजी, "जायच्या आधी एकदा! माझ्यासाठी! पूर्ण!" मला मेलीला काय करायचंय! पण आमची साखर नेमकी तेव्हाच संपली. म्हणजे होती थोडी, पण संपलीच असती की कधीतरी! वाटी घेऊन गेले आणि वाटी मांडीवर ठेवून बसले.

चिमणी म्हणाली, "बघते. पण तुम्ही एक अक्षर बोलायचं नाही. काकू साक्षीला." आता मला कशाला मध्ये ओढता? पण बसलेच होते, झाले साक्षीदार. घड्याळजींनी खांद्यावरचा टॉवेल दातांत धरला. खरं सांगते! डोळे बाहेर, कान लाल, प्रत्येक वाक्याला नुसतं "उंऽ... उंऽ..." पण माणूस बोलला नाही.

आणि आली ती जागा. मुलगा घर सोडून निघालाय, आई दारात. ही जागा मला तोंडपाठ, भिंतीतूनच पाठ झालेली! आता ती हंबरडा फोडणार, "जाऊ नकोस रे बाळा, तुझ्याविना घर खायला उठेल!" मी रुमाल काढून तयार. आई बघते... त्याच्या पिशवीचा पट्टा खांद्यावर नीट करते... आणि दार लावून घेते. बस. एक शब्द नाही!

खोलीत इतकं शांत झालं, की बायको दचकून जागी झाली.

"बाबा," चिमणी म्हणाली, "ती तर काहीच म्हणत नाही."

टॉवेल पडला. "म्हणते! म्हणत नाही म्हणजे काय... आमच्या वेळी म्हणायची!"

मागे नेला, पुन्हा पाहिला, आवाज वाढवला. नाहीच म्हणत हो! इतकी वर्षं ते वाक्य ह्यांचं स्वतःचं, घरचं! घड्याळजी पाणी आणतो म्हणून आत गेले ते गेलेच. मागोमाग चिमणी. मला मेलीला काय करायचंय, पण कान काय घरी ठेवून यायचे? आत पोरगी म्हणत होती, "बाबा, म्हणा ना एकदा. तुमच्या आवाजात." आणि हे म्हणाले, "नको. ती बाई शहाणी आहे. तुझ्या बॅगेचा पट्टा बघू, सैल वाटला मला."

गेली हो पोरगी. आठवड्याभरात तिचा फोन. तिथल्या मैत्रिणींना तोच सिनेमा दाखवला म्हणे, आणि त्या जागी ही आधीच ओरडली, "जाऊ नकोस रे बाळा!" मैत्रिणींनी उशा फेकून मारल्या! घड्याळजी छाती फुगवून जिनाभर सांगत सुटले. आणि लगेच माझ्या दारात, "वहिनी, येताय ना? हिला झोप येते, एकट्यानं बघण्यात मजा नाही."

गेले. काय करता? आता त्या जागी घड्याळजी तोंड घट्ट मिटून बसतात, ती आई तर गप्पच... मग मीच म्हणते. कुणीतरी म्हणायला नको?